साठ तासांचं फुटेज जमलं, माहितीपट कुठे अडला?

पत्र : पाच वर्षं एका वृत्तसंस्थेत व्हिडिओ पत्रकार आहे. गेल्या वर्षभरात रात्रपाळीच्या एका रुग्णवाहिका चालकाबरोबर फिरून ६० तासांचं फुटेज जमवलं, त्यात १८ तास त्याच्या मुलाखती. त्यातून ५२ मिनिटांचा रफ कट, म्हणजे पहिलं कच्चं संकलन, झालाय. बघणारे सगळे 'छान आहे, पण लांबतंय' एवढंच म्हणतात. सुरुवातीचं थोडं काम ऑफिसच्या कॅमेऱ्यावर, ड्युटीवर असताना झालंय. आता कर्ज काढून सिनेमा कॅमेरा घ्यावा, नोकरी सोडावी आणि पूर्णवेळ माहितीपट करावेत असं मनात आहे. त्याआधी फिल्म स्कूलला जावं का? – एक वाचक

उत्तर : पत्रातला डोळ्यांत भरणारा आकडा १८ हा आहे. एकाच माणसाच्या अठरा तास मुलाखती! कॅमेरा, कर्ज, नोकरी यांच्याकडे येऊच, पण 'लांबतंय'चं मूळ त्या अठरा तासांत आहे. ते सुटलं नाही तर नवा कॅमेरा तीच अडचण अधिक स्वच्छ दाखवेल, एवढंच.

बातमीसाठी आपण पोचतो तेव्हा घडायचं ते बहुतेक वेळा घडून गेलेलं असतं. मग बाइट, म्हणजे कुणाचं तरी छोटं बोलणं, घ्यायचा, त्यावर चार कटअवे, म्हणजे बोलणाऱ्याऐवजी दुसरं काही दाखवणारे शॉट, टाकायचे, निवेदन जोडायचं, की बातमीचं पॅकेज तयार. दोन मिनिटांसाठी ते ठीक आहे, कारण तिथे प्रेक्षकाला काय झालं ते कळायला हवं असतं. बावन्न मिनिटं बसणाऱ्याला मात्र डोळ्यांदेखत काहीतरी घडायला हवं. चालक म्हणतोय, 'रात्री पत्ता कधीच नीट मिळत नाही', आणि वर हेडलाइट आणि स्टिअरिंगचे शॉट चाललेत, तर ते पॅकेजच झालं. फक्त लांब.

तीच गोष्ट प्रसंग म्हणून बघा. फोन वाजतो. चालक फोन खांद्यात धरून पेन शोधतो. पेन सापडतं, कागद सापडत नाही. पत्ता तळहातावर लिहितो. गाडी एका गल्लीत शिरते, गल्ली पुढे बंद. रिव्हर्स. मागून सहायक म्हणतो, 'मागच्या वळणावर उतार होता, तिथून असेल.' चालक हात दिव्याखाली धरतो, घामाने शाई पसरलेली. लांबवर कुणीतरी मोबाइलचा टॉर्च हलवतंय. हे नव्वद सेकंदांत होतं आणि त्यात कुणी कुणाला मुलाखत देत नाही. मुलाखतीतलं एखादं वाक्य लागलंच तर ते यानंतर येईल, आणि तेव्हा ते ऐकावंसं वाटेल.

रफ कटचं एक काम आधी करा. प्रत्येक प्रसंगाला एक छोटं कार्ड घ्या आणि त्यावर तीनच गोष्टी लिहा : कोणाला काय हवंय, आडवं काय येतंय, शेवटी काय बदललं. तिसरी ओळ रिकामी राहिली तर तो प्रसंग नव्हे, ती झलक. झलक पंधरा-वीस सेकंद ठेवा, दोन मिनिटं नको. मग सगळा कट आवाज बंद करून एकदा बघा. जिथे काय चाललंय ते अजिबात कळत नाही, तिथे चित्र मुलाखतीच्या जिवावर उभं आहे. ५२ मिनिटं तोलून धरायला साधारण पंधरा ते वीस खरे प्रसंग लागतात. आमचा अंदाज, तुमच्या हातात सात-आठ निघतील. म्हणजे सध्या तुमच्याकडे पंचवीस मिनिटांचा चांगला लघुमाहितीपट आहे आणि त्यावर सत्तावीस मिनिटांची भर पडलीय.

५२ हा आकडा तसा टीव्हीचा. तासाभराच्या स्लॉटमधून जाहिराती वजा केल्या की जे उरतं ते. ऑस्करच्या नियमांत लघुपट म्हणजे श्रेयनामावलीसकट ४० मिनिटांपर्यंतचा. महोत्सवांच्या व्याख्या थोड्याफार वेगळ्या असतात, पण ४२ ते ५० मिनिटांचा चित्रपट कार्यक्रम आखणाऱ्यांना कुठेच नीट बसवता येत नाही, हे जवळपास सगळीकडे खरं आहे. तेव्हा एक तर पंचवीस-तिशीत या, नाहीतर प्रसंग आणखी चित्रित करून ५२ खऱ्या अर्थाने भरा. आम्ही पहिला पर्याय निवडू. पहिलाच चित्रपट मोठा करायच्या नादात अर्धवट राहिलेल्यांची संख्या या धंद्यात फार आहे.

पुढच्या रात्री चित्रीकरणाला गेलात तर

कॅमेरा फोन वाजल्यावर चालू करू नका, आधीपासून चालू हवा. बातमीवाल्यांचा हात नेमका इथे उशिरा पोचतो, आणि बंद मात्र घाईने होतो. रुग्णाला उतरवून चालक परत गाडीत बसतो, दार लावतो, किल्ली फिरवायच्या आधी क्षणभर थांबतो. तो क्षण तुमच्या ६० तासांत किती वेळा आहे ते मोजून पाहा. प्रत्येक शॉट किमान दहा सेकंद धरा. पॅन किंवा झूम करणारच असाल तर आधी आणि नंतर पाच-पाच सेकंद स्थिर. एका प्रसंगासाठी हातांचा क्लोजअप, चेहरा, हात आणि चेहरा एकत्र दाखवणारा खांद्यामागचा शॉट आणि जागा कळेल असा वाइड, एवढं मिळालं की एडिट होतं. चेहरा बोलत असतानाच ऐकणाऱ्याचाही शॉट घ्या. तो नसला की बोलणं मध्ये कापता येत नाही आणि मग प्रसंग लांबतो.

'तेच पुन्हा एकदा कराल का?' हे विचारू नका. तुम्ही पत्रकार म्हणून ओळखले जाणार असाल तर तुमची पत यावरच टिकते. वर्ल्ड प्रेस फोटो स्पर्धेत शेवटच्या टप्प्यात मूळ फाइल्स तपासतात. २०१५ साली उपांत्य फेरीत पोचलेल्या नोंदींपैकी सुमारे २० टक्के त्या तपासणीत बाद झाल्या. कारण होतं फोटोत भर घालणं किंवा त्यातलं काही काढून टाकणं. माहितीपटात पुनर्रचनेला जागा आहे, पण ती पुनर्रचना आहे हे प्रेक्षकाला पडद्यावर कळायला हवं. हाच नियम कृत्रिम बुद्धिमत्तेने बनवलेल्या दृश्याला. अपघाताच्या रात्रीचं फुटेज नाही म्हणून 'तसंच' एखादं बनवून मध्ये घातलं आणि सांगितलं नाही, तर बाकीच्या खऱ्या फुटेजवरचाही विश्वास जातो.

कॅमेऱ्याआधी आवाज

कर्ज काढू नका. रात्रीच्या गाडीत प्रेक्षक दाणेदार चित्र सहन करतो, न कळणारा शब्द सहन करत नाही. रफ कट हेडफोन लावून ऐका आणि किती ठिकाणी बोलणं कळावं म्हणून सबटायटल टाकावं लागलंय ते मोजा.

गाडीतली नेहमीची गडबड सीटबेल्टची असते. पट्टा छातीवरून तिरका येतो आणि कॉलर माइकला घासतो. प्रत्येक वळणावर खर्रर्र. पट्टा कोणत्या खांद्यावरून येतो ते बघून माइक दुसऱ्या बाजूला, हनुवटीपासून वीतभर खाली लावा. शर्टाच्या आत लावायचा असेल तर माइकच्या दोन्ही बाजूंना दुहेरी चिकटपट्टी लावा, म्हणजे कापड आणि माइक एकत्र हलतात आणि सळसळ थांबते. वायरचा एक छोटा वळसा माइकखाली चिकटवा, म्हणजे ओढ बसली तरी माइकपर्यंत पोचत नाही. दुसरा एक माइक ड्रायव्हरच्या डोक्यावरच्या सन व्हायझरला लावून ठेवा. कॉलर माइक गेला तर हा वाचवतो, आणि मागे बसलेल्या सहायकाचा आवाजही थोडाफार यातच येतो.

गेन, म्हणजे माइकचा आवाज किती वाढवून घ्यायचा ते, ऑटोवर ठेवू नका. सायरन वाजला की ऑटो गेन सगळा आवाज दाबतो, सायरन थांबला की इंजिनची घरघर फुगवतो, आणि हा श्वास घेतल्यासारखा चढउतार मिक्सिंगमध्ये काढता येत नाही. बोलण्याचे चढ उणे १२ डेसिबलच्या आसपास राहतील असा गेन हाताने लावा आणि दुसऱ्या ट्रॅकवर तोच आवाज १० ते १२ डेसिबल खाली रेकॉर्ड करा. ३२-बिट फ्लोट रेकॉर्डर, म्हणजे फार मोठा आणि फार बारीक आवाज दोन्ही सांभाळणारा, असेल तर लेव्हलची चिंता कमी होते, पण कपड्याची सळसळ, वारा आणि वायरलेस तुटणं यांवर तो काही करू शकत नाही. सेटिंग ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. हेडफोन कानावर सतत हवेत. मीटर हलतोय म्हणजे आवाज चांगला येतोय, असं नसतं.

प्रत्येक रात्री न विसरता एक एक मिनिट वेगळं घ्या : गाडी बंद, इंजिन चालू पण गाडी उभी, धावती गाडी, सायरन चालू. एडिटमध्ये दोन वाक्यं जोडताना मधली फट याच आवाजाने बुजते.

आणि गाडीतला रेडिओ. त्यावर गाणं लागलेलं असताना जो सुंदर प्रसंग मिळतो, तो दोनदा फसवतो. एक म्हणजे मध्ये कट केला की गाणं उडी मारतं आणि प्रसंग जसाच्या तसा ठेवावा लागतो. दुसरं, पार्श्वभूमीला ऐकू येणाऱ्या गाण्याचेही हक्क घ्यावे लागतात, तेही दोन : रचनेचे वेगळे, ध्वनिमुद्रणाचे वेगळे. 'सात-आठ सेकंद चालतात' हा सार्वत्रिक समज आहे आणि त्याला आधार नाही. पाळी सुरू व्हायच्या आधीच चालकाला सांगून रेडिओ बंद ठेवणं बरं. रेडिओ हा त्याच्या स्वभावाचाच भाग असेल तर तो चालू असलेला एक प्रसंग ठेवा आणि त्या एकाच गाण्याचे हक्क मागा.

चित्राबद्दल थोडकं

तुमच्या सध्याच्या कॅमेऱ्याला एफ/१.८ किंवा त्याहून उघडी, म्हणजे जास्त प्रकाश आत घेणारी, लेन्स मिळत असेल तर रात्रीचा निम्मा प्रश्न तिथेच सुटतो. मोठा कॅमेरा हवाच असेल तर दोन रात्रींसाठी भाड्याने घ्या आणि चालकाच्या शेजारच्या सीटवर मांडीत धरून बघा. मॅट बॉक्स (लेन्सपुढची प्रकाश अडवणारी चौकट) आणि मोठी बॅटरी जोडलेला कॅमेरा तिथे मावत नाही, आणि तो दिसला की रुग्णाचे नातेवाईक आधी त्याच्याकडे बघतात.

निळा फ्लॅशर हा वेगळा त्रास आहे. एलईडीचा गडद निळा प्रकाश चेहऱ्यावर पडला की एकूण एक्स्पोजर ठीक दिसत असतानाही निळा चॅनल भरून जातो आणि चेहऱ्यावर सपाट निळा डाग उरतो. तो कलर ग्रेडिंगमध्ये परत येत नाही. आरजीबी परेड, म्हणजे लाल, हिरवा, निळा वेगवेगळा दाखवणारा आलेख, लावून निळ्यावर नजर ठेवा, गरज पडली तर एक स्टॉप खाली घ्या, म्हणजे प्रकाश निम्मा करा. फ्रेमरेट पहिल्या दिवशीच ठरवा आणि सगळ्या कॅमेऱ्यांना तोच द्या. वीज ५० हर्ट्झची असेल तर २५ फ्रेम आणि शटर १/५०. ६० हर्ट्झची असेल तर ३० फ्रेम आणि १/६०. उलटसुलट केलंत तर ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकतं. मोबाइलवर काही घेतलं असेल तर त्याचा फ्रेमरेट बदलता असू शकतो. लांब शॉटमध्ये ओठ आणि आवाज हळूहळू सुटतात. अशा फाइल एडिटला घ्यायच्या आधी स्थिर फ्रेमरेटमध्ये बदलून घ्या.

डॅशबोर्डला घट्ट बसवलेल्या कॅमेऱ्याचं स्टॅबिलायझेशन बंद करून चाचणी घ्या. चालू असलं की वळणावर फ्रेम तरंगते. एअरबॅगच्या झाकणावर किंवा समोर काहीही लावू नका. गाडीत सुटं काहीही नको, कारण जोराच्या ब्रेकला दीड किलोचा कॅमेरा कुणाच्याही डोक्यात बसू शकतो.

संमती, आणि ऑफिसचा कॅमेरा

इथे जरा जास्त वेळ घालवतो, कारण चित्रपट पूर्ण होऊनही पडून राहतो तो बहुतेक इथेच.

चालकाची सही घेतली असेल असं गृहीत धरतो. नसेल तर या आठवड्यात घ्या. संमतीपत्र त्याच्या भाषेत हवं आणि त्यात कोणत्या माध्यमांत दाखवणार, कोणत्या देशांत, किती काळ, संपादनाचा अधिकार कुणाचा, मानधन आहे की नाही, हे असायला हवं. पण एका सहीने वर्षभराची संमती मिळत नाही. रफ कट त्याला एकट्याला, त्याच्या साहेबांच्या गैरहजेरीत दाखवा. गाडी तो कशी चालवतो, कुणाबद्दल काय बोलतो, यावरून त्याची नोकरी जाऊ शकते का, हे तुमच्यापेक्षा त्याला जास्त कळतं. शब्द बदलायचा अधिकार देऊ नका, पण धोका सांगायची संधी द्या.

रुग्णाचं प्रकरण वेगळं. स्ट्रेचरवरचा माणूस त्या क्षणी खऱ्या अर्थाने 'हो' म्हणू शकत नाही आणि घाबरलेले नातेवाईकही नाही. म्हणून तेव्हा चित्रीकरण केलं तरी वापरायचं की नाही ते नंतर, माणूस बरा झाल्यावर, शांतपणे विचारून ठरतं. विचारता आलं नाही तर चेहरा दिसणारे शॉट काढून टाका. नुसतं धूसर करून भागत नाही. आवाज, गोंदण, कपडे, घराचं दार, मागून कुणी घेतलेलं नाव यांतून माणूस ओळखू येतो. आवाजाची पट्टी बदलली तर ती उलट फिरवता येते, म्हणून ओळख लपवायचीच असेल तर तेच शब्द दुसऱ्याकडून वाचून घ्या आणि तसं पडद्यावर लिहा. धूसर केलेला भाग अंतिम फाइलमध्ये कायमचा उतरवलेला हवा. आणि मूळ क्लिप कुणालाही पाठवताना तिच्यात नोंदलं गेलेलं ठिकाण काढून टाका.

आता ऑफिस. पगारी कामाच्या वेळेत, ऑफिसच्या कॅमेऱ्यावर काढलेलं फुटेज बहुतेक करारांनुसार संस्थेचं असतं. तुमचा नेमणुकीचा करार काढा आणि दोन कलमं वाचा : निर्मितीची मालकी कुणाची, आणि बाहेरचं काम करायला परवानगी लागते का. मग टाइमलाइनमधली ऑफिसच्या कॅमेऱ्याची प्रत्येक क्लिप वेगळ्या रंगाने खूण करा, त्यांची तारीख-वेळ आणि सेकंद यांची यादी करा. कट पंचवीस मिनिटांवर आणताना त्यातल्या जितक्या टाळता येतील तितक्या टाळा. उरलेल्यांसाठी लेखी परवानगी मागा : या क्लिप, या चित्रपटात, सर्व माध्यमांत, कायमसाठी. बॉस चहाच्या टेबलावर 'घे की, त्यात काय' म्हणाला, याला वितरकाच्या वकिलासमोर किंमत नाही. अजून एक बारकावा असा की रुग्णवाहिका सेवेने त्या दिवशी परवानगी दिली होती ती वृत्तसंस्थेला, बातमीसाठी. तुमच्या चित्रपटासाठी सेवेकडून स्वतंत्र पत्र लागेल. हे सगळं महोत्सवात निवड व्हायच्या आधी मागा. निवड झाल्यावर मागितलं की समोरच्याला त्याची किंमत कळलेली असते.

फुटेजच्या प्रतींचं विचारलं नाहीत, तरी सांगतो. सेकंदाला १०० मेगाबिटने केलेलं चित्रीकरण तासाला ४५ जीबी होतं. तुमच्या ६० तासांचे २.७ टीबी. तीन प्रती हव्यात, दोन वेगळ्या प्रकारच्या साठवणीवर, एक दुसऱ्या इमारतीत. म्हणजे आठ टीबीच्या वर जागा. कॅमेऱ्यावर घालणार होतात त्या पैशांतला एक छोटा हिस्सा इथे लावा. कॉपी करताना चेकसम तपासणारं, म्हणजे प्रत मूळ फाइलशी तंतोतंत जुळते का ते पाहणारं, सॉफ्टवेअर वापरा आणि दोन तपासलेल्या प्रती झाल्याशिवाय कार्ड फॉरमॅट करू नका. कार्ड बिघडलं तर त्यावर पुढे काहीही रेकॉर्ड न करता बाजूला ठेवा. नवीन लिहिलं गेलं नसेल तरच फाइल परत मिळायची शक्यता राहते.

एडिट पुरा करणं

'कसा वाटला?' विचारलं की लोक 'छान' म्हणणारच. चालकाला किंवा तुम्हाला न ओळखणारी चार माणसं एका खोलीत बसवा, स्वतः मागे बसा आणि पडद्याकडे न बघता त्यांच्याकडे बघा. कुणी मोबाइल काढला, कुणी बसण्याची ढब बदलली, त्या वेळेचा टाइमकोड, म्हणजे चित्रपटातली नेमकी मिनिटं-सेकंद, लिहा. दोघांचा टाइमकोड जुळला तर दोष तिथे किंवा त्याच्या आधीच्या दोन मिनिटांत आहे. नंतर एकच प्रश्न विचारा : 'काय घडलं ते सांगा.' त्यांनी सांगितलेल्या गोष्टीत जे आलं नाही ते कापायला घ्या.

शक्य झालं तर दहा दिवसांसाठी तरी बाहेरचा एडिटर घ्या. एखादा शॉट मिळवायला तुम्ही पहाटेपर्यंत जागलात हे त्याला माहीत नसतं, त्यामुळे तो निर्धास्तपणे कापतो. त्याच्याकडे जाण्यापूर्वी मुलाखतींचे टाइमकोडसह उतारे हवेत. तासाभराच्या बोलण्याला हाताने चार ते सहा तास लागतात. यंत्राकडून करून घेतलं तरी नावं, आकडे आणि एकमेकांवर आलेलं बोलणं ऐकून तपासावं लागतं.

चित्र लॉक झाल्याशिवाय, म्हणजे कट पुढे बदलणार नाही हे ठरल्याशिवाय, आवाजाच्या मिक्सिंगला हात लावू नका; नंतर दोन सेकंद काढले तरी सगळे ट्रॅक हलतात. युरोपातल्या प्रसारणाला आवाजाची पातळी उणे २३ एलयूएफएस (सरासरी जोर मोजायचं एकक) लागते, अमेरिकेत उणे २४. संवाद, संगीत आणि परिसराचा आवाज यांचे वेगळे ट्रॅक आणि पडद्यावर अक्षरं नसलेली एक प्रत त्याच दिवशी काढून ठेवा. दुसऱ्या भाषेतला प्रसारक हे मागतोच, आणि वर्षभराने जुना प्रोजेक्ट उघडतो तेव्हा निम्म्या फाइल 'सापडत नाही' असं दाखवतात.

महोत्सव आणि पैसा

चित्रपट पूर्ण झाला म्हणून लगेच इंटरनेटवर टाकू नका. पुष्कळ महोत्सव प्रीमियरच्या, म्हणजे चित्रपट आधी कुठे दाखवलेला नसावा अशा, अटी घालतात आणि सार्वजनिक लिंक असली की काही ठिकाणी दार बंद. पासवर्ड असलेली लिंक पाठवा. आम्स्टरडॅमचा इडफा, टोरांटोचा हॉट डॉक्स, शेफील्ड डॉकफेस्ट ही माहितीपटांची मोठी नावं. पण प्रवेशशुल्क भरभरून वीस ठिकाणी पाठवण्यापेक्षा मागच्या तीन वर्षांची निवडयादी बघून तुमच्यासारखे चित्रपट घेणारे सहा-सात निवडा. आशिया, आफ्रिका, लॅटिन अमेरिका आणि मध्यपूर्वेतल्या दिग्दर्शकांसाठी इडफा बर्था फंड आहे. तिथे आणि बाकी निधींकडेही एका पानात गोष्ट, ती तुम्हीच का सांगताय, चालकापर्यंतची तुमची पोच आणि दोन-तीन मिनिटांचा संकलित प्रसंग मागतात. प्रसंग म्हणालो, झकपक ट्रेलर नव्हे.

पहिला माहितीपट घर चालवत नाही. घर चालतं ते व्हिज्युअल जर्नलिझमच्या छोट्या कामांवर, संस्थांच्या फिल्म्सवर आणि तुमच्याकडेच राहिलेल्या फुटेजच्या हक्कांवर. म्हणून करारात 'सर्व हक्क, कायमसाठी, जगभर' दिसलं की थांबा. ठरावीक माध्यम, ठरावीक मुदत आणि फुटेज तुमचं, असा परवाना द्या; सगळेच हक्क हवे असतील तर दर कितीतरी पट असायला हवा. पैसे तीन टप्प्यांत : सही, रफ कट, अंतिम फाइल. बदलांच्या दोन फेऱ्या दरात, तिसरीपासून वेगळे पैसे. काम मध्येच रद्द झालं तर किती मिळणार तेही लिहून घ्या. दिवसाचा दर काढताना वर्षाचा घरखर्च, कर, विमा आणि उपकरणांची झीज यांची बेरीज १०० दिवसांनी भागा. उरलेले दिवस सुट्टीत नाही जात, ते पत्रव्यवहार, एडिट आणि बिलाचे पैसे मागण्यात जातात.

नोकरीचा विमा आणि प्रेसकार्ड गेलं की धोक्याच्या जागी तुम्ही एकटे असता. वैद्यकीय विमा, प्रथमोपचाराचं प्रशिक्षण आणि तुम्ही कुठे आहात ते ठरलेल्या वेळी कळवायला एक माणूस, हे नसताना बाहेर पडू नका. रॉरी पेक ट्रस्ट फ्रीलान्स पत्रकारांना अडचणीत मदत करतो आणि जोखीम तपासण्याचे नमुनेही देतो. ते नमुने भरून बघा, न सुचलेल्या चार गोष्टी नक्की निघतात. वर्षभर अपघात पाहिल्याचा परिणामही झालेला असतो. झोप उडाली असेल, सायरन ऐकून छाती धडधडत असेल, तर तज्ज्ञाशी बोला, आणि १८ तासांच्या मुलाखती सलग बघू नका. त्रासदायक क्लिप्स वेगळ्या फोल्डरमध्ये, नावातच खूण करून ठेवा, म्हणजे एडिटरसमोर त्या अचानक उघडणार नाहीत.

फिल्म स्कूलचं उत्तर छोटं आहे. चित्रीकरण तुम्हाला येतं. एडिट आणि कथनाचा काही आठवड्यांचा अभ्यासक्रम मिळाला तर करा. दोन-तीन वर्षांचा पूर्ण अभ्यासक्रम सोबत्यांची टोळी हवी असेल तरच.

नोकरी आत्ता सोडू नका. पंचवीस मिनिटांचा चित्रपट मिक्सिंगसकट पूर्ण, सहा महिन्यांचा खर्च बाजूला आणि परत काम देणारे किमान दोन ग्राहक, या तिन्ही गोष्टी झाल्यावर राजीनाम्याचा विचार करा. शिवाय एक व्यवहाराची बाब आहे : ऑफिसच्या क्लिपची परवानगी नोकरीत असतानाच मागणं सोपं जातं. ते पत्र पुढच्या सोमवारी द्या, क्लिपची यादी जोडून, आणि पोच घ्या.